एका रस्त्याच्या नावामागचा जनरल

मंत्रालयाच्या शेजारून नरिमन पॉइंटकडे जाणाऱ्या एका रस्त्याचं नाव आहे 'जनरल जगन्नाथराव भोसले मार्ग'. यशवंतराव चव्हाण प्रतिष्ठान ह्याच रस्त्यावर आहे. नाटक, प्रदर्शन, पुस्तक प्रकाशन, काही ना काही कारणाने आपल्यापैकी बरेच जण तिथे जाऊन आलेत. कॅबवाल्याला पत्ता सांगतानाही हे नाव तोंडात येतं. पण हे भोसले कोण? ऑफिसात चार-पाच जणांना विचारून बघितलं. एकजण म्हणाला, शिवाजी महाराजांच्या घराण्यातले असतील. दुसरा म्हणाला, पासष्टच्या युद्धातले असतील. दोन्ही चूक :)

जगन्नाथराव भोसले हे आझाद हिंद फौजेचे चीफ ऑफ स्टाफ. आणि नुसते फौजेतले अधिकारी नाहीत, तर २१ ऑक्टोबर १९४३ ला सिंगापूरमध्ये स्थापन झालेल्या आझाद हिंदच्या हंगामी सरकारात ते मंत्रिमंडळाचे सदस्य होते. म्हणजे इंग्रज लष्करातला अधिकारी, मग परदेशात उभ्या राहिलेल्या बंडखोर सरकारातला मंत्री, आणि पुढे स्वतंत्र भारतात रत्नागिरीतून निवडून आलेला खासदार आणि नेहरूंच्या सरकारातला उपमंत्री. एका माणसाच्या आयुष्यात एवढं सगळं! आणि आपल्या शाळेच्या पुस्तकात त्यांच्यावर एक ओळसुद्धा वाचल्याचं आठवत नाही. नेताजी, कॅप्टन लक्ष्मी, शाहनवाज-सहगल-धिल्लन, संपलं. म्हणून ह्या वीकेंडला हा विषय घेतला.

सरकार, पण देशाबाहेरचं

आधी थोडी पार्श्वभूमी. दुसऱ्या महायुद्धात 'परागंदा सरकार' ही काही दुर्मीळ चीज नव्हती. हिटलरने एकेक देश गिळायला सुरुवात केली तशी त्या त्या देशांची सरकारं पळून लंडनला आली. पोलंड, नॉर्वे, नेदरलँड्स, बेल्जियम... लंडनमध्ये नुसती गर्दी झाली होती. ह्यात लष्करी अधिकारी राजकारणी होणं हेही नेहमीचंच. फ्रान्सचा चार्ल्स द गॉल हा १९४० च्या जूनमध्ये अगदी नवा नवा ब्रिगेडियर जनरल होता, तो स्वतंत्र फ्रान्सचा चेहरा झाला. पोलंडचा पंतप्रधान जनरल सिकोर्स्की हा तर मुळात आपल्यातलाच, इंजिनीअर! शिकला इंजिनीअरिंग, झाला जनरल, आणि शेवटी परक्या शहरात बसून आपल्या देशाचं सरकार चालवत होता. ४ जुलै १९४३ ला जिब्राल्टरजवळ विमान कोसळून तो गेला. योगायोग बघा, त्याच दिवशी सिंगापूरच्या कॅथे थिएटरमध्ये रासबिहारी बोसांनी पूर्व आशियातल्या चळवळीची सूत्रं सुभाषबाबूंच्या हाती दिली.

आणखी एक धागा थेट कोल्हापूरला येतो. कोल्हापूरजवळ वळिवड्याला १९४३ पासून सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांची छावणी होती, प्रामुख्याने बायका आणि मुलं. त्यांचा खर्च लंडनमधलं पोलिश परागंदा सरकार उचलत होतं. म्हणजे एकाच वेळी एका परागंदा सरकारची माणसं कोल्हापुरात सुरक्षित होती, आणि कोकणातला एक माणूस सिंगापुरात दुसऱ्या परागंदा सरकारच्या घोषणेवर सही करत होता. पहिलं सरकार इंग्रजांचं दोस्त, दुसरं इंग्रजांचं शत्रू. पहिल्याला मान, दुसऱ्याला देशद्रोहाचा शिक्का. दोघांची मागणी मात्र एकच: आमचा देश आम्हाला परत द्या.

तिरोड्याहून सँडहर्स्टला

भोसल्यांचा जन्म १९०६ चा, सावंतवाडी संस्थानातल्या तिरोडे गावचा. शिक्षण डेहराडूनच्या प्रिन्स ऑफ वेल्स रॉयल इंडियन मिलिटरी कॉलेजात. हे कॉलेज १९२२ मध्ये सुरू झालं, म्हणजे भोसले तिथल्या अगदी सुरुवातीच्या मुलांपैकी. तिथून पुढे इंग्लंडला, सँडहर्स्टच्या लष्करी कॉलेजात.

आज आपल्याला ह्याचं महत्त्व पटकन कळत नाही. १९१८ पर्यंत सँडहर्स्टचे दरवाजे भारतीयांना बंद होते. त्यानंतर उघडले ते वर्षाला जेमतेम दहा जागांसाठी. अख्ख्या देशातून दहा! आयआयटीची जेईई वगैरे ह्यापुढे काहीच नाही. ह्या मुलांना थेट राजाच्या नावाचं कमिशन मिळायचं. गोऱ्या शिपायांनीही सलाम ठोकायचा अशी पदवी. (प्रत्यक्षात मेसमध्ये, क्लबमध्ये काय वागणूक मिळायची ते वेगळं.) डेहराडूनची आयएमए सुरू झाली ती पार १९३२ मध्ये. त्यामुळे १९४२ साली लेफ्टनंट कर्नल हुद्द्याचे भारतीय अधिकारी अगदी हाताच्या बोटांवर मोजण्याएवढे होते. भोसले त्यांतले एक.

आणि इथेच खरा पेच आहे. असं कमिशन म्हणजे नुसती नोकरी नव्हती, राजाशी इमान राखण्याची शपथ होती. आपण कंपनी बदलतो तेव्हा नोटीस पिरियड भरतो, लॅपटॉप परत करतो, रिलीव्हिंग लेटर घेतो, विषय संपला. इथे नोटीस पिरियड वगैरे काही नाही. इथे बाजू बदलली तर शिक्षा फाशीची.

१५ फेब्रुवारी १९४२

त्या दिवशी सिंगापूर पडलं. ज्याला इंग्रज अभेद्य म्हणायचे ते ठाणं जपान्यांनी आठवड्याभरात घेतलं. भोसले तेव्हा रॉयल गढवाल रायफल्समध्ये होते. १७ फेब्रुवारीला फॅरर पार्कच्या मैदानावर सुमारे पंचेचाळीस हजार भारतीय युद्धकैद्यांना गोळा केलं गेलं. गोरे अधिकारी आधीच वेगळे काढून चांगीला पाठवलेले. एका इंग्रज कर्नलने उभं राहून सांगितलं की आता तुम्ही जपान्यांच्या ताब्यात, त्यांचं ऐका. जपानतर्फे मेजर फुजिवारा बोलले. मग कॅप्टन मोहनसिंग उभे राहिले आणि म्हणाले, भारताच्या स्वातंत्र्यासाठी फौज उभी करायची आहे, कोण येतंय?

विचार करा. काल-परवापर्यंत ज्यांच्यासाठी लढत होतो त्यांनी आपल्याला मेंढरांसारखं शत्रूच्या हवाली केलंय. कोणी भावनेने गेलं, कोणी छावणीतल्या हालांतून सुटायला, कोणी आपल्या माणसांचं रक्षण व्हावं म्हणून, तर कोणी आतून फौज पोखरायच्या इराद्याने. प्रत्येकाचं कारण वेगळं. पुढच्या काळात ह्या सगळ्यांना एकतर 'देशभक्त' किंवा 'गद्दार' ह्या दोनच खान्यांत टाकलं गेलं.

पहिली आझाद हिंद फौज १ सप्टेंबर १९४२ ला रीतसर उभी राहिली, सोळा हजारांच्या आसपास माणसांची. तिच्यातल्या 'हिंदुस्थान फील्ड फोर्स ग्रुप'ची कमान लेफ्टनंट कर्नल भोसल्यांकडे. गंमत बघा, मोहनसिंग इंग्रज फौजेत साधे कॅप्टन, आणि इथे ते जनरल. सँडहर्स्टहून आलेल्या लेफ्टनंट कर्नलने त्यांच्या हाताखाली काम करायचं. लष्करासारख्या ठिकाणी, जिथे सीनियॉरिटी म्हणजे सर्वस्व, तिथे हे पचवणं सोपं नसणार.

आणि मग सगळंच कोसळलं. जपानी आपल्याला नुसतं प्यादं म्हणून वापरतायत असा मोहनसिंगांचा संशय पक्का होत गेला. भांडण विकोपाला गेलं, २९ डिसेंबर १९४२ ला जपान्यांनी त्यांना अटक केली. मोहनसिंगांनी फौज बरखास्त केल्याचं आधीच जाहीर करून ठेवलं होतं.

माझ्या मते भोसल्यांच्या आयुष्यातला सगळ्यात महत्त्वाचा काळ हा आहे, डिसेंबर १९४२ ते जुलै १९४३. कारण ह्या वेळी बाहेर पडायची संधी होती. बऱ्याच जणांनी ती घेतली आणि परत युद्धकैदी झाले. भोसले थांबले. रासबिहारी बोसांनी फौज पुन्हा सावरायला घेतली तेव्हा लष्करी विभागाचे संचालक म्हणून भोसल्यांना नेमलं गेलं. नेताजी अजून जर्मनीतून पोचायचे होते, पुढे काय होणार ह्याची कुणालाच खात्री नव्हती. अर्धी टीम राजीनामा देऊन गेलेली, क्लायंटवर विश्वास नाही, आणि तुम्ही मात्र सिस्टीम चालू ठेवायची! भाषणं करणारे लोकांच्या लक्षात राहतात. मधल्या सहा महिन्यांत सांगाडा टिकवून धरणारा कुणाच्या लक्षात राहत नाही. पण नेताजी २ जुलै १९४३ ला सिंगापूरला उतरले आणि ५ जुलैला त्यांनी फौजेची सलामी घेतली, 'चलो दिल्ली' म्हणाले, तेव्हा समोर सलामी द्यायला फौज होती. ती आपोआप तिथे आलेली नव्हती.

सैनिक मंत्रिमंडळात

२१ ऑक्टोबर १९४३, पुन्हा तेच कॅथे थिएटर. हंगामी सरकारची घोषणा झाली. नेताजी राष्ट्रप्रमुख, पंतप्रधान, शिवाय युद्ध आणि परराष्ट्र खातीही त्यांच्याकडे. अर्थ खातं लेफ्टनंट कर्नल चटर्जींकडे, प्रचार एस. ए. अय्यरांकडे, महिला संघटना कॅप्टन लक्ष्मींकडे. आणि सैन्याचे प्रतिनिधी म्हणून आठ अधिकारी: अझीझ अहमद, एन. एस. भगत, जे. के. भोसले, गुलझारा सिंग, एम. झेड. कियानी, ए. डी. लोगनाथन, एहसान कादिर आणि शाहनवाज खान. ही यादी मुद्दाम पूर्ण दिली. आडनावं वाचा, धर्म-प्रांत बघा. दोन वर्षांनी देशात काय सुरू झालं ते आठवून परत वाचा.

दोन दिवसांनी, २३ तारखेच्या मध्यरात्रीनंतर, ह्या सरकारने ब्रिटन आणि अमेरिकेविरुद्ध युद्ध पुकारलं. जपान, जर्मनी, इटली, ब्रह्मदेश, फिलिपीन्स, थायलंड वगैरे नऊ देशांनी मान्यता दिली. (सगळे एकाच गोटातले, हे खरंय.) मलायातल्या रबराच्या मळ्यांतले तमिळ मजूर, सिंगापूर-रंगूनचे व्यापारी, ह्यांच्या पैशावर आणि पोरांवर हे सरकार उभं राहिलं. एप्रिल १९४४ मध्ये रंगूनला आझाद हिंद बँकसुद्धा निघाली.

भोसले चीफ ऑफ स्टाफ, पुढे मेजर जनरल. आता हे पद म्हणजे काय? आघाडीवर तलवार उपसून धावणारा नव्हे. भरती किती झाली, ट्रेनिंगला माणसं आहेत का, कपडे, बूट, तांदूळ, औषधं कुठून आणायची, कुठली तुकडी कधी हलवायची, हे बघणाऱ्या यंत्रणेचा प्रमुख. आणि जपानी लष्कराशी रोज घासाघीस, कारण शस्त्रांपासून आगगाडीच्या डब्यांपर्यंत सगळं त्यांच्या हातात. आपल्याकडे ऑपरेशन्सवाल्यांची जी अवस्था असते तीच: सगळं नीट चाललं तर कोणी विचारत नाही, काही बिघडलं की पहिला फोन त्यांना.

जे नीट चाललं नाही ते

आणि बरंच काही बिघडलं. हा भाग टाळून चालणार नाही.

अंदमान-निकोबार ह्या सरकारकडे सोपवल्याचं जपानने जाहीर केलं. नेताजी डिसेंबर १९४३ च्या अखेरीस पोर्ट ब्लेअरला गेले, तिरंगा फडकवला. पण प्रत्यक्ष सत्ता जपानी आरमाराचीच राहिली. ३० जानेवारी १९४४ ला होम्फ्रेगंजला जपान्यांनी हेरगिरीच्या संशयावरून ४४ जणांना गोळ्या घातल्या. त्यांत स्वातंत्र्य चळवळीशी संबंधित माणसंही होती. म्हणजे आपल्या सरकारच्या 'स्वतंत्र' भूमीवर आपलीच माणसं मारली गेली आणि सरकार काही करू शकलं नाही. तिकडे सयाम-ब्रह्मदेश रेल्वेच्या कामावर हजारो तमिळ मजूर मेले, तेही ह्याच दोस्ताच्या हाताखाली.

इंफाळची मोहीम मार्च १९४४ मध्ये सुरू झाली आणि जुलैपर्यंत पार कोलमडली. पाऊस, मलेरिया, आमांश, अन्न नाही, वरून विमानांचं छत्र नाही. गोळीपेक्षा रोगाने आणि उपासमारीने जास्त माणसं गेली. पुरवठ्याची जबाबदारी ज्या मुख्यालयाची, त्याच्या हातात पुरवठाच नव्हता. भोसल्यांना हे रोज कागदावर दिसत असणार.

आता दुसरी बाजू. कॅप्टन के. पी. धारगळकर नावाचे थर्ड कॅव्हलरीचे अधिकारी होते. धारगळ हे गाव पेडण्यातलं, सावंतवाडीच्या सीमेपलीकडचं. म्हणजे आडनाव बघाल तर दोघे शेजारचेच. धारगळकरांनी फौजेत जायला नकार दिला. जपान्यांनी त्यांना आणि कॅप्टन बधवारांना पिंजऱ्यासारख्या कोठडीत डांबून हाल केले, तरी ते हलले नाहीत. पुढे लाल किल्ल्यातल्या खटल्यात धारगळकर सरकारपक्षाचे साक्षीदार होते. आणि स्वतंत्र भारताच्या लष्करात ते लेफ्टनंट जनरल झाले.

मग ह्यातला देशभक्त कोण? मला विचाराल तर हा प्रश्नच चुकीचा आहे. एकाने दिलेला शब्द मोडून किंमत मोजली, दुसऱ्याने शब्द पाळून किंमत मोजली. फुकटात कुणालाच काही मिळालं नाही. आज बसल्या जागी एकाला हार आणि दुसऱ्याला शिव्या देणं फार सोपं आहे.

लाल किल्ला आणि एक भन्नाट युक्तिवाद

युद्ध संपलं तेव्हा भोसले बँकॉकला होते. नेताजी १७ ऑगस्ट १९४५ ला बँकॉकहून सायगावकडे निघाले, ते परत आलेच नाहीत. मागे राहिलेल्यांच्या वाट्याला शरणागती आणि कैद आली.

नोव्हेंबर १९४५ मध्ये लाल किल्ल्यात शाहनवाज, सहगल आणि धिल्लन ह्यांच्यावर खटला सुरू झाला. बचावाचे वकील भुलाभाई देसाई. त्यांनी सरळ सांगितलं की हे बंडखोर शिपाई नाहीत. ह्यांचं सरकार होतं, त्याला इतर देशांची मान्यता होती, त्याचं सैन्य होतं, स्वतःचा लष्करी कायदा होता, भूभाग होता. अशा सरकारला स्वातंत्र्यासाठी युद्ध पुकारण्याचा आंतरराष्ट्रीय कायद्याने हक्क आहे, आणि त्या युद्धातल्या कृत्यांसाठी सैनिकाला वैयक्तिक गुन्हेगार ठरवता येत नाही.

म्हणजे बघा, सिंगापूरच्या थिएटरात आठ अधिकाऱ्यांची नावं मंत्रिमंडळात घालण्याला त्या वेळी कोणी नाटक म्हटलं असेल. पण दोन वर्षांनी तोच कागद बचावाचा कणा झाला. न्यायालयाने जन्मठेप सुनावली, पण देशभर एवढा वणवा पेटला होता की सरसेनापती ऑकिनलेक ह्यांनी जानेवारी १९४६ च्या सुरुवातीला ती माफ केली. महिना-दीड महिन्यात, १८ फेब्रुवारीला, मुंबईत नाविकांचं बंड झालं. भोसल्यांवर असा जाहीर खटला चाललाच नाही. १९४६ मध्ये तेही सुटले.

गणवेशाशिवाय

देश स्वतंत्र झाला, पण आझाद हिंद फौजेच्या माणसांना लष्करात परत घेतलं नाही. नेहरू ज्यांच्या बचावासाठी बॅरिस्टरचा झगा घालून कोर्टात बसले होते, त्यांच्यासाठी नेहरूंच्याच सरकारने छावणीचं दार उघडलं नाही. लष्कर एकसंध राहायला हवं, शपथ मोडलेले आणि शपथ पाळलेले एका मेसमध्ये कसे बसणार, हा त्यामागचा विचार. व्यवहाराच्या दृष्टीने समजण्यासारखा आहे. पण ज्यांनी सगळं पणाला लावलं त्यांना काय वाटलं असेल!

राजकारणाचं दार मात्र उघडं होतं. १९५२ च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत भोसले काँग्रेसतर्फे रत्नागिरी उत्तर मतदारसंघातून निवडून आले आणि पुनर्वसन खात्याचे उपमंत्री झाले. (शाहनवाज खानही त्याच सुमारास रेल्वेचे उपमंत्री.) फाळणीने लाखो माणसं उघड्यावर पडलेली. आपल्याकडचं उल्हासनगर आठवा, युद्धकाळातल्या लष्करी बराकींत सिंधी निर्वासित राहायला आले आणि १९४९ मध्ये त्याचं गाव झालं. त्या काळात पुनर्वसन खातं म्हणजे घर, भरपाई, धंदा, शाळा, सगळ्याचीच मागणी एकदम.

इथे भोसल्यांनी एक काम स्वतःच्या कल्पनेने केलं. १९५४ मध्ये दिल्लीच्या कस्तुरबा निकेतनमध्ये, निर्वासित मुलांसाठी, त्यांनी 'राष्ट्रीय शिस्त योजना' सुरू केली. कवायत, व्यायाम, समूहगान, नागरिकपणाचे धडे. ज्या मुलांचं घर, गाव, कधीकधी आईबापही गेले होते, त्यांच्या दिवसाला काही आकार यावा ही कल्पना. योजना पसरत गेली, शिक्षण खात्याकडे गेली, राजस्थानात सरिस्काला शिक्षक तयार करायची संस्था निघाली. १९५७ च्या निवडणुकीत संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत रत्नागिरी आणि राजापूर दोन्ही काँग्रेसच्या हातून गेल्या, एक जनसंघाकडे आणि दुसरी प्रजा समाजवादी नाथ पैंकडे. भोसले १९६३ मध्ये गेले. १९६५ मध्ये ही योजना राष्ट्रीय स्तरावरच्या एकत्रित शारीरिक शिक्षण कार्यक्रमात विलीन झाली आणि नाव विस्मरणात गेलं.

मुलांना कवायत शिकवून देश घडतो का, ह्यावर वाद घालता येईल. मलाही ते सगळंच पटतं असं नाही. पण आमच्या गव्हाणच्या पट्ट्यात 'पुनर्वसन' हा शब्द लहानपणापासून कानावर पडतो. नवी मुंबईसाठी पनवेल, उरण, ठाण्याच्या ९५ गावांच्या जमिनी गेल्या, जानेवारी १९८४ च्या आंदोलनात शेजारच्या जासईच्या भागात पाच शेतकरी गोळीबारात गेले, तेव्हा कुठे साडेबारा टक्क्यांची योजना हाती लागली. त्यामुळे एवढं नक्की माहीत आहे की पुनर्वसन म्हणजे भूखंड आणि चेक एवढंच नसतं. शेत गेलेल्या घरातल्या पोराचा दिवस कशाने भरायचा, हा प्रश्न चेक वटल्यावर सुरू होतो. पन्नासच्या दशकात दिल्लीतल्या एका उपमंत्र्याला हा प्रश्न दिसला, आणि उत्तर म्हणून त्याने जे त्याला येत होतं ते दिलं. फौजी माणूस, त्याने कवायत दिली.

राजाची शपथ, नेताजींच्या सरकारची शपथ, आणि मग राज्यघटनेची शपथ. तीन शपथा घेतलेला माणूस संधिसाधू वाटू शकतो. पण जरा नीट बघा. पहिली सोडली तेव्हा फाशीची शक्यता होती. दुसरी घेतली तेव्हा जिंकायची शक्यता जेमतेम होती, आणि डिसेंबर १९४२ ला बाहेर पडायची वाट उघडी होती. संधिसाधू माणूस इतकं वाईट गणित करत नाही.

तर पुढच्या वेळी चव्हाण प्रतिष्ठानला जायचं ठरलं आणि बरोबर कोणी असेल, तर कोण हे भोसले ते सांगा. दोन मिनिटं पुरतात.